पारूकाकींचे पडणारे लोक

मलकापुरात आमच्या वरच्या मजल्यावर राहणाऱ्या पारूकाकी संध्याकाळी हसायला लागल्या, की खाली आम्हाला आमच्याच कुकरची शिट्टी ऐकू येत नाही.

काकी टीव्हीवर शंभर वर्षांपूर्वीचे मुके विनोदी सिनेमे बघतात. भाच्याने एकदा लावून दिले आणि काकींनी मालिका कायमच्या सोडल्या. खांद्यावर शिडी घेतलेला माणूस वळतो, मागचे चौघे आडवे होतात. जाडा पोलीस चुन्याच्या पिंपात बसतो. संवाद काकी स्वतः पुरवतात. "आरं मागं बघ! मागं बघ, मुडद्या! ...गेला!"

पडण्यातलं त्यांना फार कळतं. "ह्यो खरा पडतुय. आताचं हिरो नुसतं दोरीला लोंबकळत्यात."

पंचाईत एवढीच, की त्याच खोलीत सुभेदार असतात. काकींचे यजमान. फौजेत आयुष्य काढलेला ताठ माणूस. गेल्या वर्षी अर्धांगवायूने डावी बाजू गेली, बोलणंही जड झालं. भेटायला येणाऱ्यांना काकींचं हसणं खुपायचं. कोरेगावच्या नणंदबाईंनी तर तोंडावर सांगितलं, "वैनी, घरात आजारी मानूस हाय. ह्ये शोभतंय व्हय?"

"वन्सं, रडायचं आसंल तर गॅलरीत जावा. हितं सिनेमा चाललाय."

नणंदबाई चहा न घेता गेल्या. काकींनी तोही चहा पिऊन टाकला आणि दुसरा सिनेमा लावला.

परवा वरून धप्पकन आवाज आला. मी धावत गेलो. दार उघडंच होतं. सुभेदार एकटेच उठायला गेले होते आणि पलंगाशेजारी फरशीवर पडले होते. लागलं नव्हतं, पण मला बघताच त्यांनी तोंड भिंतीकडे फिरवलं. मी उचलायला वाकलो.

"थांबा भाऊ."

काकी स्वयंपाकघरातून आल्या. सुभेदारांच्या पाठीकडे क्षणभर बघत राहिल्या. मग पदर खोचला, अडखळल्या, दोन्ही हात हवेत गरगर फिरवले, आणि सत्तरीच्या त्या बाई नवऱ्याशेजारी फरशीवर जाऊन आदळल्या.

"आवं, माजंबी पडनं बघा की जरा. जमलं का?"

सुभेदार हळूहळू वळले. तोंडाची उजवी बाजू थरथरली.

"न्हाई," ते म्हणाले. "परत... पड."

काकींनी गुडघा चोळला आणि उठायला माझ्याकडे हात पुढे केला.