हौसा गाढवीण आणि वरचा घाट

एका जंगलात सगळं होतं, बाळांनो, फक्त कलामंडळ नव्हतं. मग मोराने तेही काढलं.

त्या जंगलात तळं एकच, पण घाट दोन. वरच्या घाटावर मोर, हरणं, हंस पाणी पीत. खालच्या घाटावर गाढवं. तिथे पाण्यापेक्षा चिखलच जास्त. का म्हणून विचारू नका. तशी रीतच होती.

हौसा गाढवीण वीटभट्टीवर जन्मलेली. पण पोरगी हुशार! तिने आपल्याच आयुष्यावर एक प्रयोग बसवला. नाव ठेवलं ‘माझी पाठ’. पाठीवर विटा घेऊन तासभर उभं राहायचं आणि आपली कहाणी सांगायची, बस्स. प्रयोग रंगला तर मंडळाचं सभासदत्व मिळणार होतं. म्हणजे वरचा घाट! हौसाला एकदा तरी नितळ पाणी प्यायचं होतं.

प्रयोगाला ही गर्दी लोटली. हौसाने खालच्या घाटाची गोष्ट काढली आणि हरिणीचे डोळे भरून आले.

“अगंबाई, किती अस्सल!” ती म्हणाली.

इतक्यात हौसाची आई आली. भट्टीवरून थेट. प्रयोग म्हणजे काय, हे तिला कुठून ठाऊक? गाढवांत एक पद्धत असते. ओझं घेऊन कुणी थांबलेलं दिसलं, की आधी ओझं उतरवायचं, मग विचारपूस. आई तडक मंचावर चढली आणि दातांनी एकेक वीट उतरवू लागली.

“आई, अगं राहू दे!” हौसा कुजबुजली. “अजून अर्धा तास आहे!”

“गप बस. पाय बघ कसे लटपटतायत.”

हौसाला वाटलं, संपलं सगळं. पण टाळ्यांचा कडकडाट झाला! “काय शेवट सुचलाय!” मोर म्हणाला आणि त्याने तिथल्या तिथे सभासदत्वाची माळ तिच्या गळ्यात घातली.

माय-लेकी वरच्या घाटावर गेल्या. तिथे बगळा रखवालदार. त्याने हौसाला वाट दिली आणि आईपुढे पाय आडवा घातला.

“ही माझी आई आहे,” हौसा म्हणाली.

“माहीत आहे की! मघाशी मीही रडलो,” बगळा म्हणाला. “पण प्रयोग वेगळा, घाट वेगळा.”

हौसाने नितळ पाण्याकडे पाहिलं. मग आईकडे पाहिलं. तिला मनापासून लाज वाटली. तिने माळ काढून बगळ्याच्या चोचीत अडकवली आणि आईबरोबर खालच्या घाटाकडे निघाली.

“थांब, थांब!” मागून मोर ओरडला.

हौसाला वाटलं, आता आईलाही बोलावतोय.

“जरा सावकाश उतर,” मोर म्हणाला. “मागच्यांना दिसत नाहीये.”

सगळी मंडळी वरच्या घाटावर दाटीवाटीने बसली. खाली माय-लेकींनी चिखलात तोंड घातलं, तशा वर पुन्हा टाळ्या पडल्या.

“काय गं,” आई म्हणाली, “यांनी कधी कुणाला पाणी पिताना पाहिलं नाही का?”

तात्पर्य : दुसऱ्याचं दुःख नीट समजून घ्यायचं असेल, तर आपण जरा उंचावर बसावं, आणि काही झालं तरी तिथून हलू नये.