मूळ प्रत, हात लावू नये

सावळेराम अण्णा संगणकासमोर बसले, की कळंबच्या त्यांच्या घरात मिक्सर लागत नसे. कुकरची दुसरी शिट्टी होताच ठमाबाई गॅस बंद करत. शेजारच्या अंगणात कुणी मोठ्याने खाकरले, तरी त्या खिडकीतून हात हलवून बजावत, "हळू जरा! आमचे हे ग्रंथ लिवत्यात."

अण्णा ग्रंथ लिहीत नव्हते. गेले चौदा महिने ते एक राज्य वसवत होते.

तंत्रनिकेतनाच्या वर्कशॉपमध्ये एकतीस वर्षे मुलांना कानस धरायला शिकवून अण्णा निवृत्त झाले, तेव्हा पुण्याच्या मुलाने त्यांना संगणक घेऊन दिला. त्यासोबत कुठल्याशा मासिकाची फुकट सीडी आली होती आणि तिच्यात हा खेळ निघाला. नदीकाठची ओसाड जमीन मिळते. तिथे पाट काढायचा, शेते करायची, माणसे वसवायची आणि पूर व चढाया सोसत गाव वाढवायचे. अण्णांनी पहिल्याच दिवशी या कामासाठी स्वतंत्र वही घातली. राज्याला त्यांनी 'कळंब' हेच नाव दिले, कारण परक्या नावाच्या गावाबद्दल त्यांना आस्था वाटेना.

ग्रंथाची भानगड धर्माजींमुळे झाली. धर्माजी हे गावच्या वाचनालयाचे अध्यक्ष. एके दुपारी ते न सांगता खोलीच्या दारात उभे राहिले आणि म्हणाले, "अण्णा, येवढं काय लिवताय राव? घाम फुटलाय तुमाला!"

पलीकडच्या टोळीने नुकतीच वेशीवर धडक दिली होती, म्हणून घाम फुटला होता. पडद्यासमोर आडवे होत अण्णांच्या तोंडून निघून गेले, "गावाचा... इतिहास."

धर्माजींनी तशाच पावली जाऊन ही बातमी मंचरपर्यंत पोचवली. तेव्हापासून अण्णांना पारावर बसायला पुढची जागा मिळू लागली. लग्नपत्रिकेत त्यांच्या नावामागे 'इतिहासकार' लागले. आता खरे सांगायचे म्हणजे इतक्या महिन्यांचा मान एका दुपारी परत करायचा, आणि एवढी हिंमत अण्णांच्या अंगी नव्हती.

सन दोन हजार दोनच्या मार्चमध्ये संगणक टकटक आवाज करू लागला. मंचरचा दुरुस्तीवाला जलाल येऊन कान लावून गेला.

"अण्णा, डिस्कचं काय खरं न्हाई. म्हत्त्वाचं असंल त्ये फ्लॉपीवर काढून ठिवा. उद्या नवी टाकतो. जुनी गेली समजा."

अण्णांनी कागद घेतला आणि क्रमवार टिपण केले. खेळाची साठवण कुठल्या फोल्डरात आहे, ते शोधणे. तिची नक्कल करणे, 'कट' करू नये. नक्कल उघडून खात्री करणे. पुन्हा दुसऱ्या फ्लॉपीवर हेच करणे. खेळ सीडीवरून पुन्हा टाकता आला असता, पण त्यातले वसवलेले राज्य तेवढे या एका फाइलीत होते. ती फाइल दोन्ही फ्लॉप्यांवर नीट उतरली.

राहता राहिले लेबल. 'नाव नसलेलं हत्यार म्हणजे हरवलेलं हत्यार' हे अण्णांनी एकतीस वर्षे फळ्यावर लिहिले होते, त्यामुळे कोऱ्या फ्लॉप्या त्यांना बघवेनात. पण खेळाचे नाव लिहिणार कसे? विचारांती त्यांनी सुवाच्य अक्षरात दोहोंवर लिहिले : 'कळंब – इतिहास. मूळ प्रत. हात लावू नये.' फ्लॉप्या डबीत घालून डबी कपाटात ठेवली.

दुसऱ्या दिवशी जलालने नवी डिस्क बसवली आणि जुनी घेऊन गेला. त्याच वेळी शिरूरचे व्याही भीमाशंकरला जाण्यासाठी जीप घेऊन दारात आले. व्याह्यांना नाही म्हणता येत नाही. अण्णा जीपमध्ये बसले.

संध्याकाळी परतले, तर ठमाबाई ओवाळायचे ताट घेऊन उंबऱ्यात उभ्या.

"हे कशासाठी?"

"धर्माजी भावजी आलं व्हतं. यात्रेला बारा दिस ऱ्हायलं. भर यात्रेत ग्रंथाचं प्रकाशन ठरवलंय त्येंनी, मंडपबी सांगितला. छापायला काय हाये का म्हणालं, म्या कपाटातलं काढून दिलं."

अण्णांनी दाराची चौकट धरली. "दोन्ही?"

"दोन्ही. येक कशी देनार?"

"अगं, त्यावर स्पष्ट लिहिलं होतं, हात लावू नये म्हणून!"

"मग? हात कुठं लावला? रुमालानं धरून दिल्या. हळदीकुंकूबी वरच्यावर वाह्यलं."

सकाळी पहिल्या एसटीने अण्णा मंचरला पोचले. बाजारपेठेत अश्विनी नावाच्या तरुणीचे टायपिंगचे व छपाईचे छोटे दुकान होते. आत धर्माजी पाहुण्यासारखे खुर्चीत बसून होते आणि अश्विनी पडद्याकडे बघून कपाळ चोळत होती. पडद्यावर चौकोन, प्रश्नचिन्हे आणि उलटीसुलटी टिंबे यांची रांग लागली होती.

"बरं झालं आलात," ती म्हणाली. "फाँटचा प्रॉब्लेम आहे. कुठल्या फाँटमध्ये टाइप केलंय?"

त्या काळी मराठी मजकूर एका संगणकावरून दुसऱ्यावर नेला, की त्याची अशीच दशा होई. ज्या फाँटात लिहिले तो फाँट नसला, तर पाळण्याच्या निमंत्रणाचेही चौकोन होत. त्यामुळे त्या मजकुरात मजकूरच नाही, अशी शंका दुकानात कुणाच्याही मनाला शिवली नव्हती.

"जुना आहे," अण्णा म्हणाले. "फार जुना."

"बावीस फाँट लावून पाहिले. हा तेविसावा." अश्विनीने बटण दाबले आणि पडद्यावर 'ळ्ळ ञ ड्ढ ञ ञ ञ ञ' असे उमटले.

धर्माजी पुढे वाकले. "ही मोडी असंल."

"मोडी नव्हे."

"मग वाचा की अण्णा, तुमचंच हाये. पैली वळ तर वाचा."

अण्णांनी चष्मा पुसला. पुन्हा पुसला. मग 'ळ्ळ ञ ड्ढ'वर बोट ठेवून ते म्हणाले, "कळंब हे गाव... नदीकाठी वसलेले असून..."

"वा!" धर्माजींनी मांडीवर थाप मारली. "आन ह्ये पाच डाव 'ञ' आलंय, त्ये?"

"ते... पाच वाड्यांचं वर्णन आहे."

"निघालं की मग!" अश्विनी म्हणाली. "हाच फाँट धरते आणि करून टाकते सेव्ह. चुका मागनं दुरुस्त करू."

"नको!" अण्णा असे ओरडले, की शेजारचा सायकलवाला डोकावून गेला. या परक्या प्रोग्राममध्ये एकदा सेव्ह झाले, की फाइल कायमची बिघडणार आणि राज्य जाणार, हे त्यांना पक्के ठाऊक होते. "सेव्ह करू नका! काहीही करा, पण सेव्ह करू नका!"

अश्विनीचा हात माउसवर थांबला. स्वतःचे लिखाण सेव्ह करू नका म्हणणारा लेखक तिने पहिल्यांदाच पाहिला. तिने अण्णांकडे पाहिले, मग फाइलीच्या अगदी वरच्या ओळीकडे. तिथे चौकोनांच्या गर्दीत चार इंग्रजी अक्षरे शाबूत होती. ती तिने निरखली आणि फाइल सेव्ह न करता अलगद बंद केली.

"धर्माजीभाऊ, तेवढा चहा सांगून येता का?"

धर्माजी बाहेर पडताच ती खालच्या आवाजात म्हणाली, "अण्णा, लोकसंख्या किती झाली?"

"चार हजार दोनशे," अण्णा बोलून गेले. जन्मभर विचारलेल्या मापाचे बरोबर उत्तर द्यायची सवय.

"अगंबाई! आणि कोठारं?"

"सात."

"माझं गाव दर पुराला वाहून जातंय. सहा महिने झाले, नऊशेच्या वर माणूस टिकत नाही. तुम्ही काय केलंत?"

अण्णांचा चेहरा उजळला. त्यांनी पेन काढून पावतीपुस्तकाच्या पाठीवर बांधाचा आडवा छेद काढला, उतार लिहिला आणि पाट नदीला काटकोनात का घेऊ नये, ते समजावले. मग भानावर येऊन म्हणाले, "पण पोरी, या धर्माजींना काय सांगायचं? बारा दिवसांनी यात्रा आहे."

"आज धरून बाराच ना? मग लिहा की इतिहास. तुम्ही सांगा, मी टाइप करते. आणि ही फ्लॉपी माझ्याकडे राहील. पुस्तक द्या, राज्य घ्या."

"हे अडवून धरणं झालं."

"झालं," अश्विनी गोड हसली.

चहाबरोबर धर्माजी आत आले. तिने त्यांना सांगितले, "फाँट सापडला भाऊ, घरच्या सीडीत आहे."

"मग त्यो आमच्या वाचनालयातल्या कॉम्प्युटरवरबी बसवून दे. दुसरी मूळ प्रत आमी तितं ठिवनार. लोकांनी आस्सल बघाय पायजे का नको?"

"देते की," अश्विनी म्हणाली.

अण्णांनी हरकत घेतली नाही. वाचनालयाचा संगणक कुठल्याशा योजनेतून आला होता आणि दोन वर्षे फुलाफुलांच्या अभ्र्याखाली बसून होता. तिथे राज्याला कसला धोका?

पुढचे दिवस अण्णांनी जन्मात केली नव्हती एवढी लेखणीची मजुरी केली. शाळेचे जुने हजेरीपट पाहिले, विहिरी मोजल्या. ठमाबाईंना समोर बसवून विचारले, तर त्या थांबेनात. कोणत्या घराचे दार पूर्वी कुठे होते आणि ते का बुजवले, हे त्यांना तोंडपाठ होते. "म्या सांगतीया त्ये तुमच्या ग्रंथात आदीच असंल की," असे त्या अधूनमधून म्हणत. त्यावर अण्णा म्हणत, "पडताळून पाहतोय."

शेवटच्या दिवशी अश्विनीने पाने मोजली. "बेचाळीस झाली. फर्मा सोळा पानांचा. तीन फर्मे म्हणजे अठ्ठेचाळीस. सहा पानं कोरी सोडायची का?"

कोरी पाने सोडणे म्हणजे काम अर्धवट ठेवून कारखान्याबाहेर पडणे. पण सांगण्यासारखे काही उरले नव्हते. अण्णांनी चष्मा काढून ठेवला. मग डोळे मिटून, ज्या गावाची खडान्‌खडा माहिती त्यांना होती, त्या गावाबद्दल सांगू लागले : "गावाच्या उगवतीला, पाटाच्या डाव्या अंगास, पूर्वी सात धान्यकोठारे होती..."

अश्विनीने मान वर केली नाही. फक्त तिचे खांदे हलत होते.

यात्रेच्या दुपारी देवळासमोरच्या मंडपात प्रकाशन झाले. कळंबला असली कोठारे कधीच नव्हती, हे कुणीतरी उठून सांगेल, या धास्तीने अण्णांनी आपली खुर्ची मंडपाच्या कडेला ओढून घेतली होती. धर्माजींनी त्रेचाळिसावे पान उघडून ती कोठारे वाचून दाखवली. मग पुढच्या रांगेतली नव्वदीची सखूबाई म्हणाली, "व्हती तर! माज्या सासूनं दावली व्हती मला."

"आमच्या घराचे दगड तितलेच," मागून कुणीतरी पुस्ती जोडली.

अण्णांनी खुर्ची पुन्हा पुढे ओढली. एवढ्यात धर्माजींनी हात वर केला.

"पन येक चूक हाये, अण्णांचा मान ठिवून सांगतो. कोठारं पाटाच्या डाव्या अंगाला न्हाई, उजव्या अंगाला व्हती. आन सातवं कोठार जळालं व्हतं, त्ये लिवायचं ऱ्हायलंय."

टाळ्या पडल्या. गर्दीतून वाट काढत अश्विनी आली आणि तिने अण्णांच्या हातात फ्लॉपी ठेवली. "पुस्तक मिळालं, हे घ्या राज्य," म्हणाली आणि हलवायाच्या पालाकडे निघून गेली.

अण्णा सत्काराची शाल खांद्यावर तशीच ठेवून घरी आले. सीडी घातली, खेळ टाकला, फ्लॉपीतली फाइल उचलून जागच्या जागी ठेवली. कळंब उघडले. लोकसंख्या चार हजार दोनशे, जशीच्या तशी. अण्णांचा ऊर भरून आला. मग त्यांची नजर पाटाकडे गेली.

कोठारे उजव्या बाजूला होती. सातवे काळे पडले होते. गेल्या दिवाळीच्या चढाईत ते जळाले होते आणि अण्णा ते साफ विसरले होते.

ते उठले आणि तडक वाचनालयात गेले. सगळे गाव यात्रेत असताना आतून ढोलताशांचा बारीक आवाज येत होता. हा आवाज अण्णांनी झोपेतही ओळखला असता. दारावर पाटी होती : 'आत इतिहास संशोधन चालू आहे. शांतता राखावी.'

त्यांनी दार ढकलले. संगणकाचा फुलाफुलांचा अभ्रा उपरण्यासारखा खांद्यावर टाकून धर्माजी पडद्याला नाक लावून बसले होते. त्यांना घाम फुटला होता.

"अण्णा, दार लावा आदी," मागे न बघता ते म्हणाले. "अश्विनीनं फाँट बसवून दिल्याला आज धावा दिस. तुमचं सातवं कोठार मी पुन्हा बांधलं. पन ही पलीकडची मंडळी आलीत ती पावणं म्हून आलीत का चढाई करून, त्येवढं सांगा."

"तुम्ही दहा दिवस हे खेळताय? आणि मंडपात मला चूक दाखवता?"

"खेळत न्हाई. मूळ प्रत वाचतोय." धर्माजींनी पहिल्यांदाच मान वळवली. "आनि मी कुनाला काय बोललोय का? गावाला दुसरा खंड पायजे, येवढंच बोललो हाय. जाहीर करून टाकलंय. दोन वरीस तरी लागत्याल म्हनलं."

अण्णा जवळ येऊन वाकले. पडद्यावर वेशीबाहेर धूळ उडत होती. मग त्यांनी शाल काढली, घडी करून टेबलावर ठेवली आणि खुर्ची ओढली.

"चढाई आहे. आधी सेव्ह करा."

धर्माजींनी सेव्ह केले. अण्णांनी खिशातून पेन काढले, एक कोरी फ्लॉपी मागून घेतली आणि सुवाच्य अक्षरात लेबल लिहिले : 'कळंब – इतिहास, खंड दुसरा. मूळ प्रत. हात लावू नये.'

जरा थांबून, त्याखाली आणखी एक ओळ घातली : 'रुमालानेही धरू नये.'