रुमालाचा निकाल

टीव्हीच्या बातम्यांत कुणा पुढाऱ्याचं नाव निघालं की आमच्या समोरचे दत्तूअण्णा खुर्चीतून उठून ते तीनदा पुकारत. शेवटी "हाजिर होऽऽ!" उभा जन्म कोर्टाच्या दारात पुकारा करण्यात गेलेला. अण्णा रिटायर झाले, आवाज काही झाला नाही. त्यात दिवसभर बातम्या देणारी चॅनेलं आली आणि मंगळवार पेठेतल्या आमच्या गल्लीची दुपारची झोप संपली.

पुकारा झाला की लगेच निकाल. "गाडीतनं उतरताना हात हलवला, त्यो सुटला. तोंडावर रुमाल आला, त्यानं खाल्लं! लिहून घ्या, पावणं." मी जन्मभराचा शेजारी, तरी पावणं! पण खोटं कशाला बोलू? मीही तसंच बघायला शिकलो होतो.

मग एका मंत्र्याच्या शिक्षणसंस्थेतली नोकरभरती गाजली. टीव्हीवर मंत्री चौकशीला हात हलवत आले. मागच्या जीपमधून तोंडावर रुमाल धरलेला एक कारकून उतरला, पाय ओढत चालू लागला. अण्णा पुकारायला उठले ते तसेच उभे राहिले. तो पाय सगळ्या गल्लीच्या ओळखीचा होता. अण्णांचा धाकटा भाऊ, जयसिंगपूरचा बाळू.

तो रुमाल आठवडाभर दाखवत होते. गल्लीनं अण्णांना काही विचारलं नाही. नियम त्यांनीच शिकवलेला.

"त्येनं कायबी केलं न्हाय," अण्णा मला एकदा म्हणाले. मी "व्हय, व्हय" म्हणालो. डोळ्यांपुढे रुमालच होता. लाज वाटते सांगायला.

काही वर्षांनी बाळू निर्दोष सुटला. अण्णा त्याला घरी घेऊन आले आणि टीव्हीपुढे बसले. "आता दावतील." दोन दिवस बसले. तिथं दुसऱ्याच घोटाळ्यातला नवा रुमाल चालला होता. "येवडं दावलं, ह्ये न्हाय दावणार? दावतील की." मला त्यांच्याकडे बघवेना.

तिसऱ्या दिवशी संध्याकाळी त्यांनी टीव्ही बंद केला, सदऱ्याची बटणं लावली आणि बाळूला हाताला धरून गल्लीत आणलं. कोर्टात नाव पुकारतात, निकाल नाही. अण्णांनी निकाल पुकारला. "बाळू निर्दोऽऽष!" एकदा. दोनदा. तिसऱ्यांदा आवाज फाटला. घराघरांतून बातम्या ऐकू येत होत्या. एकही दार उघडलं नाही. बाळूचा दुसरा हात खिशातल्या रुमालाकडे गेला, अण्णांनी तोही हात घट्ट धरला.

मी तसाच अनवाणी बाहेर गेलो. "ऐकलं, अण्णा."

"मला नगा सांगू," अण्णा म्हणाले. "ह्येला सांगा. ह्येलाच पटंना झालंय."