ज्याचा धोंडा त्यानेच उचलावा

केशकर्तनालयाच्या दारातला धोंडा अखेर उचलला गेला. मात्र तो उचलला गेलेला नाही, असं रस्ते खात्याने कळवल्यामुळे तो तिथेच आहे असं धरून आपण पुढे जाऊ.

धोंडा टेकडीवरून घरंगळत आला आणि नंबर लावल्यासारखा दुकानाच्या दारात बसला. पाहणीला आलेल्या इंजिनिअरने कारण लिहिलं, ‘देवाची करणी’. घोळ इथेच झाला. खात्याचा नियम स्पष्ट होता: ज्याने रस्त्यात टाकलं, त्यानेच उचलायचं. खात्याने देवाच्या नावाने नोटीस काढली आणि पत्ता ठाऊक नसल्याने ती धोंड्यावरच चिकटवली.

“साहेब, दार बंद म्हणजे दुकान बंद,” न्हावी म्हणाला. “आणि बंद दुकानाचा परवाना तुम्हीच रद्द करता. मी खायचं काय, वस्तरा?”

“नोटिशीची मुदत तर संपू द्या,” खात्याचे साहेब म्हणाले.

मुदत संपली. देव आला नाही. साहेबांनी बैठक बोलावली.

“उचलला नाही, म्हणजे त्याला उचलत नसावा,” इंजिनिअर म्हणाला.

“असं कसं? तो सर्वशक्तिमान आहे!” साहेब म्हणाले.

कायदा सल्लागार खाकरला. “साहेब, सर्वशक्तिमान असेल तर स्वतःलाही उचलता न येणारा धोंडा त्याला बनवता आला पाहिजे. बनवता आला, तर उचलताना कमी पडला. नाही आला, तर बनवतानाच कमी पडला.”

“मग आपलं काय जातं?”

“आपण नोकरीला लागताना शपथ कोणाची घेतली होती?”

शपथ सर्वशक्तिमान ईश्वराची होती. तो तसा नसेल तर शपथ रद्द, शपथ रद्द तर नेमणूक रद्द, आणि नेमणूकच रद्द झाली तर पेन्शन... साहेबांनी पेला तोंडाला लावला. तो रिकामा होता.

“दगडाखाली हात सापडलाय आपला,” ते पुटपुटले.

ठरलं असं, की देवाने धोंडा उचलायचं अद्याप मनात आणलेलं नाही. प्रयत्नच नाही, तर अपयश कुठलं? तोवर धोंड्याला कोणी हात लावायचा नाही.

“तुमच्या देवाच्या मनात येईल तेव्हा येईल,” न्हाव्याची बायको म्हणाली. “मी माझ्या भावाला बोलावते.”

भाऊ पहार घेऊन आला. त्याने खालून पहार घातली, न्हाव्याने खांदा लावला, आत चोरून दाढीला बसलेलं एक गिऱ्हाईक अर्ध्या दाढीनिशी खिडकीतून उडी मारून मदतीला आलं, आणि धोंडा उचकटून पलीकडच्या खड्ड्यात गेला.

“एवढंच होतं होय, दाजी?” मेहुणा म्हणाला. “मला वाटलं, घामबिम येईल.”

घाम खात्याला आला. सगळे जागेवर धावले.

“देवाने अजून मनात आणलं नाही, ते एका न्हाव्याने आणि त्याच्या मेहुण्याने केलं, असं लिहिलं,” सल्लागार म्हणाला, “तर उद्यापासून शपथ मेहुण्याच्या नावाने घ्यावी लागेल. धोंडा जागेवरच आहे.”

“अहो, त्या जागेवर मी उभा आहे!” न्हावी ओरडला.

“मग उतरा खाली. पडाल.”

परवाना वाचावा म्हणून खिडकीलाच दार समजण्यात आलं. दाराने कोणी आत गेलं, तर मात्र परवाना रद्द. दगडापेक्षा वीट मऊ, म्हणून न्हावी कबूल झाला. गुडघेदुखीवाल्या सासऱ्यांची दाढी तेवढी छातीपर्यंत आली.

आम्ही गिऱ्हाइकं पहिल्या दिवशी पोट धरून हसलो. आता मोकळ्या दाराला वळसा घालून खिडकीतून पाय आत टाकतो. परवा एक परका माणूस सरळ दाराने निघाला, तर आम्हीच खेकसलो, “अहो, एवढा मोठा धोंडा दिसत नाही?” तुम्ही हसा खुशाल. पण आज सकाळपासून कशाकशाला वळसा घालून आलात, तेही एकदा आठवा.

न्हाव्याने मात्र हार मानलेली नाही. त्याचा अर्ज असा:

‘सर्वशक्तिमान ईश्वराने एकदा समक्ष हजर राहून आपल्याला काय काय जमत नाही ते लेखी द्यावे, ही नम्र विनंती. येताना कृपया खिडकीतून यावे.’