मयत इसमाची घरपट्टी

कायदा शिकायला कॉलेजात जावं लागतं असं तुम्हाला वाटत असेल, तर तुम्ही उंबरकोंडच्या हैबती उतेकराला भेटलेला नाही! "कायदा महाडच्या कोर्टाच्या पायरीवर पडलेला असतो," हैबती सांगायचा, "फकस्त वाकून उचलनारा पायजे!" आमचा गडी तीनदा वाकला होता. कुणाच्या तरी बैलानं कुणाची तरी नाचणी खाल्ली, त्या दाव्यात हा साक्षीदार. तिन्ही वेळा तारीख पडली आणि चौथ्या वेळी दोन्ही पक्षांनी समेट करून टाकला. साक्ष काही झाली नाही. पण वकिलांच्या मागं मागं फिरून 'सदर', 'इसम' आणि 'काहीएक संबंध नाही' एवढा ऐवज पदरात पाडून तो एस.टी.नं पोलादपुरात उतरला, आणि आंबेनळी घाटाच्या अंगाची चढण चढून घरी पोचेपर्यंत गावाचा वकील झाला!

त्यात नवी ग्रामपंचायत आली आणि तिच्या पाठोपाठ घरपट्टी आली. म्हणजे घर आपलं, माती आपली, गळतं तेही आपल्याच डोक्यावर, आणि वर्षाचे पैसे पंचायतीला! लोक कुरकुरले. पण विहिरीला कठडा हवा, ओढ्यावरच्या साकवाला फळ्या हव्यात, त्या काय आभाळातून पडणार? कुरकुरत का होईना, एकेकानं पैसे भरले. राहता राहिलं घर नंबर सतरा.

पंचायतीचा शिपाई पांडू बिल घेऊन आला. हैबतीनं ते उन्हात धरून वाचलं. "गोमाजी येसाजी उतेकर. तीन रुपये पंचाहत्तर नवे पैसे." मग त्यानं घसा साफ केला. आजूबाजूची चार माणसं जमली, कारण घसा साफ झाला की कायदा येतो हे सगळ्यांना माहीत होतं.

"पांडू, हा सदर इसम कुठं हाय?"

"कोन? तुमचा बाबा? अवो दादा, पाच वर्सं झाली की वारून! मीच खांदा दिला व्हता!"

"मग मेलेला इसम पट्टी भरतो काय रं?"

पांडू बिल उलटंसुलटं करून बघायला लागला. चार माणसं खूश!

"ज्याच्या नावाचा कागद, त्याच्याकडनं वसुली. जा वर, घाल हाक!" असं म्हणून हैबतीनं बिल परत त्याच्या हातात कोंबलं. आता खरं सांगायचं तर पावणेचार रुपये काही त्याला जड नव्हते. नुकतीच म्हैस विकली होती. पण पैसे भरणारे गावात पन्नास, पंचायतीला निरुत्तर करणारा एकच!

ग्रामसेवक टिपणीस हा महाडचा सरळ माणूस. गुडघे धरल्यामुळे वाड्यावस्त्यांवर चढून यायचा नाही. त्यानं हैबतीलाच खाली कचेरीत बोलावलं आणि शांतपणे समजावलं, "हैबतराव, घर वडिलांच्या नावावर आहे, ते वारले. तुम्ही वारस. एक अर्ज द्या, तुमची नोंद करतो. पट्टी काय माणसाला नसते, घराला असते."

हैबतीला यात सापळा दिसला. नोंद झाली की पट्टी मानगुटीवर बसली! तो म्हणाला, "अर्ज देनार नाय. माझा संबंध नाय."

"मग तसं लिहून द्या."

लिहून द्या म्हटल्यावर हैबतीच्या अंगात वारंच शिरलं. त्यानं टिपणिसांचाच टाक घेतला आणि झोकात लिहिलं, की घर नंबर सतराचे सदर मयत इसम गोमाजी याजशी व त्याचे पट्टीशी माझा काहीएक संबंध नाही. खाली ठसठशीत सही. टिपणिसांनी कागद दोनदा वाचला.

"हैबतराव, नक्की ना?"

"एकदम नक्की!"

टिपणिसांनी कागद घडी करून ठेवला. महिना गेला, दीड महिना गेला, बिल काही आलं नाही. हैबतीचा रुबाब असा वाढला की लोक बांधाच्या भांडणात त्याला मध्ये घालायला लागले. तो चहा पिऊन दोघांनाही जिंकवून परत पाठवायचा.

आणि एका सकाळी पांडू ढोलकं घेऊन दारात उभा राहिला. त्यानं ढोलकं वाजवून मोठ्यानं वाचलं, "ऐका हो ऐका! घर नंबर सतराचा मालक मयत. वारस कोनी नाय. पंधरा दिसांत कोनी हक्क सांगितला नाय, तर सदर बेवारस घर पंचायत ताब्यात घेईल हो!"

दवंडी संपते न संपते तोच शाळेचे गुरुजी आले. शाळा भैरीच्या देवळात भरायची आणि देवळाचं छप्पर दुरुस्तीला उतरवलेलं. सरपंचानं गुरुजींना सांगितलं होतं, की वर एक बेवारस घर मिळतंय, बघून या. गुरुजी बिचारे काठीनं ओटी मोजायला लागले. "फळा इथे बसेल. तिसरी-चौथी माजघरात." मग दारात सूप घेऊन उभ्या असलेल्या हैबतीच्या बायकोला, चंद्रभागेला, त्यांनी अदबीनं विचारलं, "बाई, ही चूल आपण कधी हलवणार?"

"आमी कशाला हलवू? आमचं घर हाय!"

"पण दवंडीत तर बेवारस म्हणाले."

"अवो!" चंद्रभागेनं आत हाक मारली, "भायेर या! तुमचा कायदा आलाय, चूल मागतोय!"

हैबती धोतर सावरत आला. पण त्याच्या आधी मागच्या दारानं त्याची आई, तुळजाबाई, पुढं आली होती. सत्तरीची बाई, नजर मंद, पण कान तिखट. तिनं पांडूला विचारलं, "वारस नाय असं कोन म्हनलं?"

पांडू चुळबुळला. "कागद हाय आजी. लिवून दिल्यालं हाय."

"कोनी?"

"तुमच्या हैबतीनं."

म्हातारी रडली नाही, ओरडली नाही. आत गेली, लुगड्याचं एक बोचकं बांधून आणलं आणि अंगणातल्या फणसाखाली जाऊन बसली.

"आये, उठ गो! आत चल!"

"कुनाच्या घरात? बेवारस घरात बाई ऱ्हाते म्हनल्यावर लोक काय म्हनतील?"

"आगो, ते कागदावरचं हाय!"

"कागदावर तुझ्या बापाला पोर नाय. मग मी कोन? वाटेवरची?" तिनं तोंड फिरवलं. "त्यांचं घर त्यांच्या नावावर परत आन. मग मी आत येते."

चंद्रभागेनं भाकरी वाढून आणली, म्हातारीनं ताट सरकवलं. दुपारी ती शेजारच्या राहीबाईकडची भाकरी खायला लागली, तीही फणसाखाली, येणाऱ्या-जाणाऱ्यांच्या डोळ्यांदेखत! पोटचा पोरगा असताना आई शेजारणीचं खाते, यापेक्षा गावात आणखी काय ऐकून घ्यायचं राहतं? चैत्राचं ऊन, रात्री उघड्यावर बाजलं. दोन दिवसांत हैबतीचं तोंड वाळलेल्या कोकमासारखं झालं. चंद्रभागा त्याच्याशी फक्त चुलीबद्दल बोलत होती. तिसऱ्या दिवशी तो उतार उतरून कचेरीत गेला.

"भाऊसाहेब, मी वारस हाय!"

टिपणिसांनी घडी केलेला कागद काढला. "इथं तर काहीएक संबंध नाही असं आहे. सही ठसठशीत आहे."

"ते कायद्यानं लिवलं वो! मी त्यांचा पोरगा हाय, सगळ्या गावाला ठावं!"

"गावाला ठाऊक आहे, मलाही ठाऊक आहे. पण तुमच्या लेखी 'नाही'ला आता लेखी 'आहे' पाहिजे. तुमचा जन्म कुठं नोंदलेला नाही. तुमच्या आईंना आणा. त्यांनी पंचांसमोर सांगावं, की नवरा कोण आणि हा मुलगा कोणाचा. तेवढ्यावर काम भागेल."

तुळजाबाई आली. ठेवणीतलं लुगडं नेसून, पोराचा हात न धरता, दोन मैल उतार स्वतःच्या पायानं उतरून आली. तिच्या मागं अर्धा गाव. कचेरी म्हणजे एकच खोली, तेव्हा उरलेलं गाव खिडकीत. पंच बसले, टिपणिसांनी टाक दौतीत बुडवला.

"आजी, तुमच्या मालकांचं नाव सांगा."

म्हातारीनं पदर पुढं ओढला. "ते."

"ते म्हणजे कोण?"

"ह्याचा बाप." तिनं हैबतीकडं बोट केलं.

"बरं. आणि हा कोण?"

"त्यांचा पोर."

टिपणिसांनी टाक खाली ठेवला. "आजी, मुलावरून बाप आणि बापावरून मुलगा, असं फिरत राहिलं तर वहीत काय लिहू?"

"मी नाव सांगू का?" पांडूनं तोंड घातलं. "गोमाजी!"

"तू सांग रं. तुझा काय नवरा हाय?"

खिडकी खदखदली. सरपंच म्हणाले, भाऊसाहेब, तुम्ही नाव वाचा, आजी मान हलवतील. टिपणीस म्हणाले, मान हलवलेली कागदावर उमटत नाही. पंचावन्न वर्षांत त्या बाईनं नवऱ्याचं नाव घेतलं ते फक्त उखाण्यात, आणि उखाणा म्हणजे हळदीकुंकवाचं काम.

"उखान्यात घ्या गो आजी!" खिडकीतून राहीबाई बोलली.

"माझं कुंकू गेलं त्याला पाच वर्सं झाली. आता उखाना कसला?" असं म्हणून म्हातारी पहिल्यांदा पोराकडं वळली. "तू कागदावर बापाला नाय म्हनलास. आन आता चारचौघांत माझ्या तोंडानं त्यांचं नाव काढाया लावतोस."

खिडकीतलं हसू थांबलं. हैबतीला वाटलं, या जमिनीत बैलाच्या दाव्यासकट गडप व्हावं. 'सदर', 'इसम' यातलं काहीएक त्याच्या कामाला येईना. तो नुसता म्हणाला, "आये, चुकलं गो माझं."

म्हातारी भिंतीकडं वळली. मग तिनं हात जोडले आणि बारीक पण स्वच्छ आवाजात म्हटलं,

"महाडच्या बाजारातनं डोईवर वाहिली कौलं,
गोमाजीरावांच्या दारात झिजली माझी पावलं."

"आन हा आमच्या दोघांचा पोर," तिनं पुढं जोडलं. "एकुलता. म्हनून असा."

बायकांनी डोळ्यांना पदर लावले. सरपंचही आढ्याकडं बघायला लागले. टिपणीस भराभर लिहीत होते. लिहिता लिहिता थांबले.

"आजी, कौलं म्हणालात?"

"व्हय. बैलगाडी पोलादपूरपातूर. तिथनं वर आमी दोघांनी डोईवरनं आनली. सात खेपा झाल्या."

टिपणिसांनी जुनी वही उघडली, बोट फिरवत सतरा नंबरावर आणलं. "इथं तर गवती छप्पर लिहिलंय! पावणेचार रुपये गवताचे आहेत. कौलारू घराला साडेसहा."

हैबती ताडकन उठला. "अवो, उखान्यातलं काय धरता? उखान्यात बायका कायपन घालतात! आये, सांग की गवत हाय म्हनून!"

"गप बस!" म्हातारी कडाडली. "त्यांचं नाव घेऊन खोटं बोलू? कौलं हायत ती हायत. भर साडेसहा!"

हैबतीनं कनवटीची गाठ सोडली. टिपणिसांनी पैसे घेतले आणि मऊ आवाजात विचारलं, "आता पट्टी कोणाच्या नावानं लावू? हैबतरावांच्या?"

"माझ्याच," हैबती म्हणाला. छाती थोडी पुढं आली होती.

"नको," म्हातारी म्हणाली. "त्यांचंच ऱ्हाऊ द्या."

"पण आजी, ते वारले ना?"

"मला ठावं हाय की. पन बघा, मी त्यांचं नाव घेत नाय. ह्यो 'बाबा' म्हनतो. सून 'मामंजी', नातवंडं 'आजा'. त्यांचं पुरं नाव घरात कोन घेतच नाय. वरसातनं एकदा तुमचा मानूस येतो आन दारात हुबा ऱ्हाऊन पुऱ्या नावानं इचारतो. तेवढं इचारू द्या. पैसं ह्यो भरंल."

टिपणिसांनी चष्मा काढून पुसला, परत लावला. "वारस म्हणून खाली हैबतरावांची नोंद करतो," ते म्हणाले. "वरचं नाव कमी करायला कोणाचा अर्ज आलेला नाही." आणि त्यांनी पावती फाडली.

"वाच," म्हातारीनं पोराला सांगितलं.

हैबतीनं वाचलं. "गोमाजी येसाजी उतेकर. रुपये सहा, नवे पैसे पन्नास. हस्ते हैबती." शेवटचे दोन शब्द अगदी कोपऱ्यात, मुंगीएवढे होते.

"परत वाच. वरचंच."

त्यानं परत वाचलं. म्हातारीनं पदर नीट डोईवर घेतला, पोराच्या खांद्याला धरून उठली आणि चढणीला लागली. त्या दिवशी ती चुलीपुढं बसून जेवली, आणि चंद्रभागेला म्हणाली की भाकरी जरा जाड झालीय.

शाळा राहीबाईच्या पडवीत भरली. हैबतीचा सल्ला मागायला अजूनही कोणी कोणी येतात, नाही असं नाही. पण घरपट्टीचा विषय निघाला की तो घसा साफ करत नाही. पट्टी मात्र मुदतीच्या आधी भरतो, बापाच्या नावानं, पूर्ण साडेसहा. कोणी खोचकपणे विचारलंच, की काय रे वकील, मेलेला इसम पट्टी भरतो काय, तर इकडं तिकडं बघून म्हणतो, "भरतो. कायदा हाय तसा." कुठल्या पुस्तकातला, ते विचारू नका. मी विचारलं होतं. त्यानं मला चहा पाजला आणि विषय बदलला!