नानांचा गैरहजर कॅमेरा

सकाळी साडेसातला माझा फोन वाजला, की मी नाव न बघताच उचलायचे. पलीकडून 'हॅलो' वगैरे काही यायचं नाही. "सूनबाई, गैरहजर," एवढंच ऐकू यायचं आणि फोन बंद. गैरहजर कोण, तर कॅमेरा. आणि फोन करणारे म्हणजे आमच्या भिंतीला भिंत लागून राहणारे मधुकर महाजन, अख्ख्या गल्लीचे नाना.

मी त्यांची सून नाही. पण बऱ्हाणपुरात लग्न होऊन आले त्या दिवसापासून गल्लीतल्या सगळ्याच वडीलधाऱ्यांची सूनबाई झाले. त्यात मी कॉलेजच्या ऑफिसात कॉम्प्युटरवर बसते. तेवढ्या भांडवलावर गल्लीनं मला इंजिनियर करून टाकलंय. कुणाचा मिक्सर बिघडला तरी आधी मला दाखवतात, मग दुकानात नेतात.

नाना बत्तीस वर्षं एका सूतगिरणीत हजेरीबाबू होते. गेटजवळ टेबल मांडून कामगारांची हजेरी लावायची, हे काम. गिरणी सुटली, हजेरी सुटली नाही. त्यांच्या लेखी जगात दोनच प्रकार आहेत, हजर आणि गैरहजर. लाइट जात नाही, गैरहजर होते. भाजीत मीठ कमी पडलं तर बायकोला, म्हणजे शोभाकाकूंना, ऐकावं लागतं, "मीठ आज उशिरा लागलं वाटतं." एकदा मे महिन्यात राजघाटावर उभे राहून त्यांनी नदीकडे बघितलं आणि म्हणाले, तापी अर्ध्या सुट्टीवर आहे.

गिरणीतला त्यांचा एक नियम ते अजून अभिमानानं सांगतात. एखाद्या कामगाराच्या नावापुढे लागोपाठ दोन दिवस 'ग' लागला, की तिसऱ्या दिवसाची वाट न बघता नाना संध्याकाळी सायकलवर टांग टाकून त्याच्या घरी जायचे. साहेबांनी सांगितलेलं नव्हतं. हा नानांचा स्वतःचा कायदा होता. कोण तापानं पडलाय, कुणाची बायको बाळंत झालीय, कोण नुसताच दारू पिऊन लोळतोय, हे सगळं त्यांना माहीत असायचं. ती सायकल अजून त्यांच्या जिन्याखाली उभी आहे.

कॅमेरा लावला तोही म्हणे या सायकलीसाठीच. दोन वर्षांपूर्वी गल्लीत एक सायकल चोरीला गेली आणि आठवड्याच्या आत नानांच्या दारावर पांढरा गोल कॅमेरा बसला. मोबाइलवर चित्र कसं बघायचं ते मीच शिकवलं. चित्र सुरेख आलं. आमची आठ फुटी गल्ली, समोरच्या घराचा ओटा, ओट्यावरचं कडुनिंबाचं झाड, सगळं स्वच्छ. फक्त सायकल कुठे दिसेना. मी म्हटलं, नाना, कॅमेरा जरा जिन्याकडे वळवायला हवा. त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मी स्टुलावरून मुकाट उतरले.

तेव्हापासून माझी सकाळ त्या कॅमेऱ्याची झाली. तो अतिशय नाजूक प्रकृतीचा निघाला. गल्लीच्या मागे पॉवरलूम सुरू झाले की व्होल्टेज पडायचं, राउटर झोपायचा आणि कॅमेऱ्याचा निळा दिवा लाल व्हायचा. राउटर चांगला चालला तर काकू त्यावर विणलेला रुमाल घालायच्या, धूळ बसते म्हणून. रुमाल काढला तर त्यांनी राउटरच उचलून पाण्याच्या स्टीलच्या पिंपामागे ठेवला, दिसायला बरं दिसत नाही म्हणून. मग नानांनी कुणाच्या तरी सांगण्यावरून वायफायचा पासवर्ड बदलला आणि नवा पासवर्ड कॅमेऱ्याला सांगायला विसरले. मग पुन्हा पहिल्यापासून. कॅमेऱ्याच्या पाठीतल्या भोकात टाचणी दाबून धरायची, तो सगळं विसरला की मोबाइलवरचा चौकोनी कोड त्याच्या डोळ्यासमोर धरायचा. हा कोड नाना स्वतः धरायचे. स्टुलावर चढून, आरती ओवाळावी तसा मोबाइल गोल फिरवायचे. मी ओरडायचे, नाना, हात स्थिर ठेवा. आतून एक बाई हिंदीत म्हणायची, "कृपया प्रतीक्षा करें," आणि नाना तिला म्हणायचे, "कर राहे ना बाई, और कितनी करूं."

माझं ऑफिस सव्वानऊचं. डबा, पोळ्या, अंघोळ, या सगळ्यातून मी धावत जायचे आणि नाना दारात येरझारा घालत असायचे. बसा म्हटलं तरी बसायचे नाहीत. दर मिनिटाला मोबाइल बघायचे, भिंतीवरच्या घड्याळाकडे बघायचे, पुन्हा मोबाइल. एका सायकलीसाठी माणूस एवढा कासावीस का होतो, ते मला कळत नव्हतं. खरं सांगायचं तर मला राग यायचा. एकदा म्हणालेही की नाना, आठ वाजेपर्यंत नाही दिसली गल्ली, तर काय बिघडलं? ते म्हणाले, आठला काय उपयोग. साडेसात ते आठ, तेवढंच तर पाहिजे.

हे कोडं सुटलं ते एका वहीमुळे. कॅमेरा किती वाजता बंद पडला, किती वाजता लागला, याचं नानांनी हजेरीबुक ठेवलं होतं. लाल पट्टीची लांब वही, आडव्या-उभ्या रेघा मारलेली. एकदा ते स्टुलावर होते आणि मला म्हणाले, वेळ लिही. मी वही उघडली. 'कॅ.' असा एक खाना होता, त्यात ह आणि ग. शेजारी आणखी एक खाना होता, त्यावर नुसतं 'आ.' त्या खान्यात ओळीनं ह, ह, ह, दोन वर्षांचे. मधे मधे काही घरं रिकामी. जिथे जिथे कॅमेरा बंद होता, तिथे तिथे.

मी वर बघितलं, मग समोरच्या ओट्याकडे बघितलं. पांढरी टोपी, इस्त्रीचा सदरा, हातात पेपर. आप्पा. नानांचे सख्खे थोरले भाऊ.

या दोघांचा नऊ वर्षांचा अबोला गल्लीत सगळ्यांना पाठ आहे. आप्पांच्या मुलाच्या लग्नाच्या पत्रिकेत, खाली 'आपले विनीत' म्हणून जी नावांची रांग असते, तिच्यात नानांचं नाव राहून गेलं. छापखान्याची चूक होती, हे पुढे नानांनीही मान्य केलं. पण ज्यानं बत्तीस वर्षांत गिरणीतल्या झाडूवाल्याचंही नाव चुकू दिलं नाही, त्याचं स्वतःचं नाव घरच्या पत्रिकेत नाही. भर मांडवात नाना म्हणाले, आजपासून आप्पाचं तोंड बघणार नाही. आणि त्यांनी ते पाळलं. घरातून निघताना ते मान डावीकडे वळवून निघतात. इतक्या वर्षांत त्यांची मान थोडी तिकडेच राहिली आहे.

"नाना, हा आ म्हणजे...?" मी विचारलं.

ते स्टुलावरून उतरले, वही माझ्या हातातून घेतली आणि बराच वेळ टोपीनं चष्मा पुसत राहिले.

"तोंड बघणार नाही म्हटलो होतो," ते म्हणाले. "कॅमेऱ्यात बघणार नाही, असं कुठं म्हटलो होतो?"

मग हळूच म्हणाले, "वहिनी गेल्या. पोरगा इंदूरले. घरात एकटा राह्यला तो. सकाळी ओट्यावर बसला म्हणजे हजर. नाही बसला, तर मले कोण सांगणार?"

त्या दिवसापासून मी रागावणं सोडलं. पोळी तव्यावर टाकून धावले, पण कुरकुरले नाही. एकच गोष्ट मला खटकायची. ओट्याच्या एका टोकाला कडुनिंबाची छान सावली असते आणि आप्पा बसायचे दुसऱ्या टोकाला, थेट उन्हात, डोळे किलकिले करून. म्हातारपणी थंडी वाजत असेल, असं मी ठरवून टाकलं.

वैशाखात काकू भाचीच्या लग्नाला धूलकोटला गेल्या. नाना गेले नाहीत. कॅमेरा कुणाच्या भरवशावर सोडणार? दुसऱ्याच दिवशी रस्त्याच्या खोदकामात केबल तुटली आणि सगळ्या गल्लीचं नेट दिवसभर गेलं. नाना त्या दिवशी घरातल्या घरात इतके चालले असतील की सरळ चालले असते तर जसोंडी गावाला पोचले असते. वहीत एक घर रिकामं राहिलं.

तिसऱ्या दिवशी सकाळी बरोबर साडेसातला फोन. "गैरहजर." मी गेले तर कॅमेऱ्याचा दिवा निळा. मोबाइलवर चित्र स्वच्छ. गल्ली, ओटा, कडुनिंब. ओट्यावर दोन पेपर पडलेले, कालचा आणि आजचा, दोन्ही घडीसकट. माणूस नव्हता.

"पिक्चर अडकलंय," नाना म्हणाले.

तेवढ्यात चित्रातून एक शेळी गेली. मी दाराबाहेर बोट दाखवलं, तीच शेळी तिथेही जात होती. नाना म्हणाले, शेळी रोजचीच आहे, तिचं काय खरं. म्हणून मी राउटर बंद केला, दहा आकडे मोजले, चालू केला. ओटा तसाच. टाचणी घातली, कोड दाखवला, हिंदी बाईनं प्रतीक्षा करायला सांगितली. ओटा तसाच. आठ वाजून गेले होते. नाना मोबाइल वर धरून दारापासून पिंपापर्यंत आणि पिंपापासून दारापर्यंत फिरत होते.

"नेट हळू आहे आज," ते म्हणाले. "गल्ली आली, ओटा आला. आप्पा मागून येईल. अजून एकदा बंद करून देख."

कॅमेरा बिघडलेला असावा, एवढंच ते मागत होते माझ्याकडे, आणि तेवढं माझ्या हातात नव्हतं.

"नाना, कॅमेरा हजर आहे," मी म्हटलं.

ते ऐकत नसल्यासारखे फिरत राहिले. मग मी वही उघडून त्यांच्यासमोर धरली. कालचं घर रिकामं, आजचं रिकामं. "लागोपाठ दोन दिवस झाले नाना. दोन दिवसांनी तुम्ही काय करायचात?"

ते थांबले. टोपी घातली. मोबाइल माझ्या हातात दिला आणि सायकलीशिवायच निघाले.

मी दारात उभी होते आणि का कुणास ठाऊक, समोर न बघता मोबाइलमध्येच बघत होते. दोन वर्षांत पहिल्यांदा नाना स्वतःच्या कॅमेऱ्यात ओट्याकडे जाताना दिसले. पाठमोरे, वाकलेले, गल्ली ओलांडताना. मोबाइलनं टिंग केलं, माणूस दिसला म्हणून. ओट्याशी ते थबकले, चप्पल काढली, दोन्ही पेपर उचलले आणि आत गेले. मग मीही धावले.

आप्पा खाटेवर होते. परवा संध्याकाळी न्हाणीत पाय मुरगळला होता. घोटा वांग्यासारखा सुजलेला, त्यावर आंबेहळदीचा वाळलेला लेप. मुलाचा फोन आला तर त्याला सांगितलं होतं, मजेत आहे. नाना उंबऱ्याच्या आत आले होते, पण भिंतीकडे तोंड करून उभे होते. नऊ वर्षांची मान.

"सूनबाई, त्याले विचार," नाना भिंतीला म्हणाले, "दोन दिवस गैरहजर का?"

"त्याले सांग," आप्पा मला म्हणाले, "काल तुझा दिवा लाल होता. म्हटलं बरं झालं, याले कळणार नाही. आज निळा दिसला खिडकीतून. उठायले गेलो, उठता येईना. तेव्हापासून जीव थाऱ्यावर नाही माझा."

आप्पा थांबले नाहीत.

"अन् हे बी सांग. सावलीत बसलो असतो मी. पण त्या टोकाले त्याचा कॅमेरा पोचत नाही. दोन वर्षं उन्हात बसू राह्यलो."

नानांनी मागे हात केला. मला आधी कळेना, मग मोबाइल दिला. त्यांनी तो चेहऱ्यासमोर धरला, कॅमेरा स्वतःकडे उलटा वळवला, आणि खांद्यावरून मागचं बघू लागले. त्या एवढ्याशा काचेत पुढे नाना होते आणि मागे खाटेवर आप्पा. शपथ शाबूत होती. पण चित्र काही ठरेना. मी सवयीनं म्हणणार होते, नाना, हात स्थिर ठेवा.

तेवढ्यात त्यांनी मोबाइल कोनाड्यात ठेवला आणि वळले.

"डॉक्टरकडे चाल," नाना म्हणाले.

"आधी हजेरी लाव," आप्पा म्हणाले.

याला आता तीन आठवडे झाले. लग्नाहून परतलेल्या काकूंना हे सगळं मीच सांगितलं, त्या पदरानं डोळे पुसून म्हणाल्या, म्हणजे आता रोज दोन चहा जास्त. परवा ऑफिसला निघताना माझं लक्ष वर गेलं. कॅमेऱ्याचा दिवा लाल होता. कधीपासून, देव जाणे. मला कुणी बोलावलं नव्हतं. समोर ओट्यावर, सावलीच्या टोकाला, एका पेपरची दोन पानं करून दोघं बसले होते, आणि मधलं पान कुणाकडे यावरून त्यांचं भांडण चाललं होतं. मला बरं वाटलं, पण खोटं कशाला बोलू, थोडं चुकल्यासारखंही झालं. अजून रोज साडेसातला माझा हात फोनकडे जातो.