फौजदाराचा पिसारा

स्पष्ट बोलतो, राग आला तर येऊ द्या! लक्का कबूतर पाळावं तर मीच. बाकीचे पाळतात ती पिसांची पोती! आमचा फौजदार छाती काढून, मान मागे टाकून उभा राहिला आणि शेपटीचा पांढराशुभ्र पंखा उलगडला, की बघणाऱ्याने आपल्या सदऱ्याची बटणं लावून घ्यावीत!

तरी गेल्या वर्षी कबुतरांच्या प्रदर्शनात पहिलं बक्षीस मारलं पलीकडच्या टेलरने! तेव्हापासून माझ्या विजारीचं माप घेतानासुद्धा हा गृहस्थ स्वतःच्या कबुतराचंच कौतुक सांगतो. यंदा त्याचं तोंड बंद करायचंच होतं.

प्रदर्शनात परीक्षक चार पिंजरे लांब होते आणि आमचा फौजदार वाळत घातलेल्या मोज्यासारखा लोंबत होता!

"कोंबडी आणलीत काय हो?" टेलरने विचारलं.

तेवढ्यात डोक्यात प्रकाश पडला. घरी याचा पिंजरा स्वयंपाकघरात. हा फुलतो कधी? बायको मला झापते तेव्हा! अंड्यातून बाहेर आल्यापासून रोज सकाळी तेच ऐकतोय बिचारा!

फोन केला. घर मागच्याच गल्लीत, बायको धापा टाकत आली.

"अगं, बोल मला!"

"काय बोलू?"

"रोज बोलतेस तेच!"

"चारचौघांत? इश्श!" तिने उगाच प्रयत्न केला, "तुम्ही... जरा वेंधळेच आहात."

फौजदाराने डोळे मिटले. परीक्षक दोन पिंजऱ्यांवर! मग मी काळजावर दगड ठेवला.

"काल याला अंघोळ घातली ना, ती तुझ्या दुधाच्या पातेल्यात."

"कुठल्या?"

"मोठ्या."

"म्हणजे सकाळचा चहा..."

"विसळलं होतं गं!"

धरण फुटलं! पातेल्यापासून सुरू झालेली गाडी तीन वर्षं गळणाऱ्या नळावरून निघाली, ती तिच्या बहिणीच्या लग्नात मी घातलेल्या फाटक्या बनियनपर्यंत पोचली! सगळा हॉल भोवती गोळा झाला. परीक्षक धावत आले.

"बाई, शांत व्हा..."

"खबरदार तिला थांबवाल तर!" मी ओरडलो. "तिकडे बघा!"

फौजदार उभा होता. मान पार शेपटीला टेकलेली, एकूण एक पीस ताठ, छाती अशी की पिंजरा अपुरा पडावा! परीक्षक पेन उघडायचं विसरले. पहिलं बक्षीस! बक्षिसाची फीत माझ्या हातात आली तेव्हा बायको अजून बनियनवरच होती.

निघताना टेलर आडवा आला. माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही.

"वहिनी, पुढच्या वर्षी जरा माझ्या पिंजऱ्यासमोर उभ्या राहाल का?"

"राहीन की, भाऊजी," ती पदर खोचत म्हणाली. "पण बोलणार यांनाच!"